मदत हवी आहे : बाळाची रात्रीची दुधाची पावडर कशी बंद करू?

मोगरा :
कोणी जागं आहे का? बाळ संध्याकाळी सातपासून बारापर्यंत अंगावरच असतं. सोडलं की रडतं. सासूबाई म्हणतात दूध पुरत नाही, म्हणून रात्री दोनदा पावडर देतोय. मला ती बंद करायची आहे. लवकर सांगा, आता परत उठेल.

निवांत :
बाळ किती दिवसांचं? जन्माचं वजन, आत्ताचं वजन? नॉर्मल की सिझर? दिवसभरात किती लंगोट ओले होतात? हे कळल्याशिवाय काय सांगणार?

घोडबंदरकर :
अळिवाचे लाडू खा. ओलं खोबरं, गूळ घालून, रोज एक. माझ्या दोन्ही बाळंतपणांत आईने हेच केलं, दूध उतू जात होतं. शतावरीपण घे.

निवांत :
लाडू खावेतच, बाळंतिणीला ताकद हवीच. पण दूध वाढतं ते बाळाने ओढल्यावर. जेवढं रिकामं होईल तेवढं नवीन तयार होतं. रात्री पावडर दिली की तेवढं ओढणं कमी झालं.

घोडबंदरकर :
म्हणजे आमच्या आया-आज्या उगाच करायच्या का हे सगळं?

निवांत :
तसं कुठे म्हटलं मी? लाडवाच्या भरवशावर पाजणं चुकवू नये, एवढंच.

मोगरा :
येत्या रविवारी तीन आठवडे होतील. सिझर. जन्माला २.९ किलो, डिस्चार्जला २.७, काल ३.१. लंगोट सात-आठ ओले होतात. हॉस्पिटलमधून निघताना पावडरचा डबा दिला, लागला तर असू दे म्हणून. आणि उजव्या बाजूला चिरा पडल्यात, बाळ तोंडात घेतं तेव्हा डोळ्यांत पाणी येतं.

ऐरोलीचा_बाबा :
डबा फुकट दिला? १९९२चा कायदा आहे, २००३मध्ये तो आणखी कडक झाला. दोन वर्षांखालच्या बाळांच्या पावडरची जाहिरात, फुकट नमुने, सगळ्याला बंदी. तक्रार करा. आणि नोकरी असेल तर रजा २६ आठवडे, ५० किंवा जास्त कर्मचारी असतील तर कंपनीला पाळणाघर सक्तीचं. एचआरला आत्ताच मेल टाका.

मोगरा :
नोकरीचं नंतर बघते दादा. आजच्या रात्रीचं सांगा ना कोणीतरी.

परिचारिका_ठाणे :
ताई, चिरांचं आधी सांगायला हवं होतं, खरी गोष्ट तीच आहे. बाळाची पकड चुकतेय, ते नुसती बोंडी चोखतंय. त्यामुळे दूध नीट निघत नाही आणि तासन्‌तास पीत बसतं. संध्याकाळी सारखं पिणं मात्र या वयात नेहमीचंच, त्यावरून दूध कमी आहे असं ठरवू नका.
टाके दुखत असतील तर कुशीवर झोपून पाजा. बाळाचं पोट तुमच्या पोटाला, नाक बोंडीसमोर. बोंडी ओठाला लावून थांबा, जांभईसारखं मोठं तोंड उघडलं की बाळाला जवळ घ्या, तुम्ही पुढे वाकू नका. हनुवटी छातीला टेकलेली आणि खालचा ओठ बाहेर वळलेला हवा. बोंडीभोवतीचा काळा भाग वर जास्त दिसेल, खाली कमी. दुखतच राहिलं तर ओठाच्या कोपऱ्यातून करंगळी घालून सोडवा आणि परत लावा.
वजन छान वाढलंय, पण त्यात पावडरचाही वाटा आहे. म्हणून एकदम बंद करू नका. आधी दोन्ही बाजू पाजा, पावडर दिलीच तर वाटी-चमच्याने, आणि त्या वेळचं दूध हाताने काढा. बालरोगतज्ज्ञांकडे वजन बघत बघत कमी करा. ताप आला, छाती लाल-कडक झाली किंवा ओले लंगोट सहाच्या खाली गेले, तर त्याच दिवशी डॉक्टर.

सुमनमावशी :
पोट दुखत असेल गं. बाळगुटी सुरू कर.

निवांत :
मावशी, सहा महिने गुटी नाही, पाणीसुद्धा नाही. आणि मध तर वर्षभर नाही.

ऐरोलीचा_बाबा :
सायनच्या लोकमान्य टिळक रुग्णालयात १९८९पासून मिल्क बँक आहे, आयांनी दान केलेलं दूध गरजू बाळांना देतात. आईचं दूध किती मोलाचं असतं ते तिथे कळतं.

घोडबंदरकर :
माझं दूध उतू जात होतं तेव्हा हे माहीत असतं तर नक्की दिलं असतं. कोणाला ठाण्यात पंप भाड्याने मिळाला आहे का?

निवांत :
त्याला वेगळा धागा काढा, प्लीज.

मोगरा :
कुशीवर पाजलं. पहिले काही सेकंद दुखलं, मग नाही. गिळल्याचा आवाज येत होता, सासूबाईंनाही जवळ बोलावून ऐकवला. काल पावडर एकदाच, वाटीने दिली. डॉक्टरांची वेळ घेतलीय. चिरांना काय लावू?

परिचारिका_ठाणे :
पाजून झालं की स्वतःचंच दूध दोन थेंब लावा आणि वाळू द्या. साबण नको. डॉक्टरांना त्या बाजूची पकड समोर बसून दाखवा.