मदत हवी आहे : गावात 'आक्रोश' दाखवायचाय, शेवट आधी सांगावा का?

नमस्कार मंडळी. मी वणी तालुक्यातल्या एका गावातून लिहितोय. आमच्या वाचनालयात अधूनमधून सिनेमा दाखवतो. प्रोजेक्टर उसना, पडदा म्हणजे पांढरी चादर, पण गर्दी चांगली होते. यावेळी गोविंद निहलानींचा 'आक्रोश' (१९८०) ठरलाय, पटकथा विजय तेंडुलकरांची.

अडचण शेवटाची आहे. बायकोच्या खुनाचा आळ आलेला लहान्या वकिलासमोर तोंडच उघडत नाही. बापाच्या अंत्यविधीला बेड्या घालून आणतात, तेव्हा तो कुऱ्हाड उचलून स्वतःच्या बहिणीला मारतो. बड्या लोकांनी बायकोवर अत्याचार करून तिला मारलं, तसं हिचं होऊ नये म्हणून. आणि मग त्याची ती किंकाळी! ज्यांच्यावर सूड उगवायचा, त्यांच्यापर्यंत त्याचा हातच पोचत नाही. आमच्याकडे हे कुणाला समजावून सांगावं लागणार नाही, आणि धास्ती त्याचीच आहे. समोर बसलेल्यांत असलं काही भोगलेली एखादी बाई असू शकते.

तर शेवट आधीच सांगून टाकावा का? मला वाटतं सांगावा, सोबतचे नाही म्हणतात. बायांसाठी वेगळा खेळ ठेवणं बरोबर होईल का? पुढच्या वेळी स्वीडिश दिग्दर्शक बर्गमनचा 'द व्हर्जिन स्प्रिंग' (१९६०) घ्यायचा विचार आहे. त्यात बाप सूड घेताना मुलीच्या मारेकऱ्यांसोबतच्या लहान पोरालाही सोडत नाही. त्याची मराठी सबटायटल्स कुणाकडे आहेत का?

आणि सिनेमानंतरची चर्चा सांभाळू शकेल असं समुपदेशन जाणणारं कुणी यवतमाळ-चंद्रपूरकडे असेल तर कळवा जी. येण्याजाण्याचं आम्ही पाहू.