लहान गाडीला बदली चाके बसवताना : मापांचे अनुभव

मूळ रिम वाकले, गंजले किंवा लोखंडी रिमऐवजी अलॉय हवेसे वाटले, अशा कोणत्याही कारणाने लहान गाडीला दुसरी चाके बसवलेल्या सर्वांना लिहिते होण्याचे हे आमंत्रण आहे. विनंती एकच, की लिहिताना मूळ चाकाचे आणि नव्या चाकाचे पूर्ण माप द्यावे. केवळ ‘चौदाचे पंधरा केले’ एवढ्यावरून दुसऱ्याला काहीच कळत नाही, कारण इंच हे सहा-सात मापांपैकी फक्त एक माप आहे, आणि खरेदीच्या वेळी ज्या मापांचा कोणी उच्चारही करत नाही तीच पुढे त्रास देतात. सुरुवात मी करतो.

माझ्या गाडीला कारखान्यातून १७५/६५ आर १४ मापाचे टायर आणि लोखंडी रिम होते. मी १८५/५५ आर १५ टायर आणि अलॉय रिम घेतले, तेव्हा हिशेब अगदी चोख होता. मूळ टायरच्या भिंतीची उंची १७५ मिमी रुंदीच्या ६५ टक्के, म्हणजे ११३.७५ मिमी, ती दोनदा धरून त्यात रिमच्या १४ इंचांचे ३५५.६ मिमी मिळवले, की बाहेरचा व्यास ५८३.१ मिमी येतो. नव्या टायरचा ५८४.५ मिमी येतो. फरक दीड मिमीचाही नाही. नटांच्या चार भोकांच्या मध्यांतून जाणाऱ्या वर्तुळाचा व्यासही, ज्याला पीसीडी म्हणतात, दोन्हीकडे १०० मिमीचाच होता. तरीही ताशी ८० किमीच्या पुढे स्टिअरिंग थरथरू लागे आणि १०० च्या आसपास ती थरथर सीटपर्यंत पोहोचे. मी तीन वेळा बॅलन्सिंग, म्हणजे चाकाचे वजन सगळीकडे सारखे करणे, करून घेतले आणि यंत्राने तिन्ही वेळा चाके निर्दोष असल्याचे दाखवले.

चौथ्या वेळी चाक काढले तेव्हा मी स्वतः वाकून पाहिले. हबच्या, म्हणजे चाक ज्या फिरत्या भागावर चढते त्याच्या, मधोमध जो गोल उंचवटा असतो त्याचा व्यास ५४.१ मिमी होता, आणि अलॉयचे मधले भोक ६७.१ मिमीचे होते. चाक हबला टेकवून मध्यावर धरले, तर उंचवट्याभोवती साडेसहा मिमीची, जवळजवळ पेन्सिलीच्या जाडीची फट राहत होती. मूळ रिम त्या उंचवट्यावर घट्ट बसून आपोआप केंद्रात येत असे. अलॉयला केंद्रात आणण्याचे काम एकट्या नटांवर पडले होते, आणि तेही गाडी जॅकवरून उतरवून चाकावर भार आल्यानंतर आवळले जात होते. बॅलन्सिंगच्या यंत्रावर मात्र मधल्या भोकात शंकू घालून चाक अचूक केंद्रात धरतात, त्यामुळे तिथे दोष दिसणे शक्यच नव्हते. बाहेरून ६७.१ आणि आतून ५४.१ मिमीच्या, हब रिंग म्हणून मिळणाऱ्या कड्या चारही चाकांत बसवल्या आणि थरथर त्याच दिवशी गेली. एकच रिम अनेक गाड्यांना चालावे म्हणून बाहेरचे उत्पादक हे भोक मुद्दाम मोठे ठेवतात. सुझुकीच्या अनेक लहान गाड्यांचा उंचवटा ५४.१, होंडाच्या ५६.१, फोक्सवागनच्या ५७.१ आणि रेनॉच्या ६०.१ मिमीचा असतो. म्हणून कडी ‘साधारण बसते’ या बोलण्यावर घेऊ नये, व्हर्नियरने मोजून घ्यावी.

* * *

वर लिहिणाऱ्यांना मधल्या भोकाने त्रास दिला, मला ऑफसेटने दिला. रिमच्या रुंदीची मध्यरेषा आणि रिमचा हबला टेकणारा पृष्ठभाग यांतील अंतर म्हणजे ऑफसेट. ते बहुधा रिमच्या आतल्या अंगाला ‘ईटी’ या अक्षरांपुढे मिलिमीटरमध्ये कोरलेले असते. माझे मूळ रिम ५.५ जे, म्हणजे साडेपाच इंच रुंद, ईटी ४५ होते आणि मी हौसेने ६.५ जे, ईटी ३८ घेतले. सात मिमीचा फरक मला किरकोळ वाटला. प्रत्यक्षात रुंदी एक इंचाने वाढल्यामुळे रिमची प्रत्येक कड १२.७ मिमी सरकली, आणि ऑफसेट कमी झाल्यामुळे अख्खे रिम आणखी ७ मिमी बाहेर आले. म्हणजे बाहेरची कड एकूण १९.७ मिमी बाहेर आणि आतली जेमतेम ५.७ मिमी आत.

एकटा गाडी चालवत होतो तोवर काही जाणवले नाही. एकदा मागे तिघे बसले, डिकीत सामान भरले आणि गतिरोधकावरून उतरताना मागून खर्र असा लांबलचक आवाज आला. दुसऱ्या दिवशी सकाळी पाहिले, तर मडगार्डच्या आतल्या दुमडीचा रंग उडून पत्रा चकाकत होता आणि टायरच्या खांद्यावर बोटभर रुंदीचा गुळगुळीत पट्टा उमटला होता. पुढची चाके बाहेर गेल्यामुळे एक चाक खड्ड्यात गेले, की स्टिअरिंग त्या बाजूला ओढ घेऊ लागले होते. त्याचे कारणही मला तेव्हाच कळले. मडगार्डची दुमड ठोकून आत वळवून घेण्याचा सल्ला अनेकांनी दिला. तो मी मानला नाही, कारण चूक चाकाच्या मापात असताना गाडीचा पत्रा ठोकणे मला पटणारे नव्हते. ती रिम देऊन टाकून ६ जे, ईटी ४३ घेतली. आता बाहेरची कड मूळ जागेपासून ८.३५ मिमी पुढे आहे आणि दोन वर्षांत पूर्ण भारानेही कुठे घासलेली नाही. ऑफसेट वाजवीपेक्षा जास्त घेतला, तर उलट बाजूला, म्हणजे आत शॉक अ‍ॅब्सॉर्बरला टायर घासण्याची भीती असते, हेही लक्षात असावे.

* * *

माझा अनुभव छोटा आहे, पण तो वाचून एखाद्याचा अपघात टळावा अशी मनापासून इच्छा आहे. नात्यातल्या एका गाडीची अलॉय चाके मोकळी पडून होती. चार भोके तिकडे, चार बोल्ट इकडे. चाके चढली, नट आवळले गेले, आम्ही निश्चिंत झालो. माझ्या हबचे पीसीडी १०० मिमी होते आणि त्या रिमचे ९८. दोन मिमीच्या या फरकामुळे प्रत्येक बोल्ट आपल्या भोकाच्या मध्यापासून एक मिमी सरकलेला राहतो, नटाचा शंकूसारखा निमुळता भाग रिमच्या भोकातल्या बैठकीत एकाच अंगाने टेकतो, आणि पाना घट्ट लागला तरी खरी पकड येत नाही. तिसऱ्या दिवशी डाव्या बाजूने टक-टक ऐकू आली म्हणून थांबलो, तर दोन नट हाताने फिरत होते. अख्खे कुटुंब गाडीत होते.

९८ आणि १०० मधला फरक नुसत्या नजरेला कळत नाही. चार भोकांच्या रिमवर समोरासमोरच्या भोकांपैकी एकाच्या बाहेरच्या कडेपासून दुसऱ्याच्या आतल्या कडेपर्यंत मोजावे, म्हणजे भोकाचा मध्य शोधत बसावे लागत नाही. पाच भोके असल्यास समोरासमोर भोक येत नाही. तिथे शेजारच्या दोन भोकांच्या मध्यांतले अंतर मोजून त्याला १.७०१ ने गुणावे.

* * *

मी अलॉय घेताना पीसीडी, ऑफसेट, मधले भोक हे सर्व नीट पाहिले होते. पाहिली नव्हती ती स्टेपनी. माझ्या गाडीच्या हबमधून खिळ्यासारखे बोल्ट बाहेर आलेले नसतात. बोल्ट बाहेरून हबमध्ये पिळावे लागतात. अलॉयची बैठक जाड असल्यामुळे तिच्यासोबत लांब बोल्ट आले होते आणि जुने आखूड बोल्ट मी घरी एका डब्यात ठेवून दिले होते. रात्री मागचे चाक पंक्चर झाले. स्टेपनी लोखंडी होती, तिचा पत्रा पातळ. तेच लांब बोल्ट लावून मी चाक आवळले, आणि जॅकवर असतानाच चाक हाताने फिरवून पाहिले तर ते फिरेना. बोल्टांची टोके हबच्या पलीकडे निघून ड्रममधल्या ब्रेकच्या भागांना जाऊन भिडली होती. ते फिरवून पाहण्याची सवय मला वडिलांनी लावली होती. तसेच रेटून गाडी पुढे नेली असती, तर ब्रेकची काय दशा झाली असती, याचा विचारही नकोसा वाटतो. आता चार आखूड बोल्ट कापडी पिशवीत गुंडाळून स्टेपनीच्या खाचेतच ठेवलेले असतात.

बोल्टच्या किंवा नटाच्या बैठकीचा आकारही तपासावा, असे मी आग्रहाने सांगेन. काही रिमना शंकूच्या आकाराची बैठक लागते, काहींना अर्धगोल, तर काहींना चपटी. आटे सारखे असल्यामुळे चुकीचा नटही सुखाने आत जातो, आणि रिमला मात्र पूर्ण गोलाऐवजी एका बारीक रेषेवरच टेकतो.

* * *

धागा सुरू करणारा पुन्हा लिहितो आहे. वरील अनुभवावरून आठवले म्हणून सांगतो, की आटेही सगळीकडे सारखे नसतात. सुझुकी आणि निसानच्या अनेक गाड्यांना १२ मिमी जाडीचे आणि दोन आट्यांत १.२५ मिमी अंतर असलेले नट लागतात, तर टोयोटा, होंडा आणि ह्युंदाईच्या अनेक गाड्यांना १२ मिमीच, पण १.५ मिमी अंतराच्या आट्यांचे. पहिले दोन-तीन फेरे हाताने सहज फिरले नाहीत, तर पाना लावूच नये.

* * *

माझी गाडी जमिनीला टेकत असे, म्हणून रिम तेच ठेवून मी १७५/६५ आर १४ ऐवजी १८५/७० आर १४ टायर घातले. व्यास ५८३.१ वरून ६१४.६ मिमी झाला आणि गाडी पावणेसोळा मिमी उंच झाली. मला हवे होते ते मिळाले, पण हिशेबात न धरलेले बरेच काही पदरात पडले. टायरचा घेर ५.४ टक्के वाढल्यामुळे काटा ८० वर असताना गाडी पूर्वीपेक्षा ताशी चार किमीहून अधिक वेगाने धावते. चढावर पहिला गिअर जड जाऊ लागला. स्टिअरिंग पूर्ण वळवून गाडी मागे घेताना पुढचा टायर मडगार्डच्या प्लॅस्टिकला घासू लागला. उंची हवी असेल, तर ती टायरमधून मिळवू नये, असे माझे स्पष्ट मत झाले आहे. मूळ व्यासापासून दोन-तीन टक्क्यांपलीकडे जाण्यात लहान गाडीचे हित नाही.

* * *

इथे बहुतेकांनी मोठ्या रिमबद्दल लिहिले आहे. मी उलट दिशेने गेले. गाडीला १८५/५५ आर १६ टायर होते. आईच्या पाठीचे दुखणे आणि खराब रस्ते यांचा मेळ बसेना, म्हणून १७५/६५ आर १५ घ्यायचे ठरवले. व्यास ६०९.९ ऐवजी ६०८.५ मिमी, म्हणजे जवळपास तोच, आणि टायरची भिंत १०१.७५ वरून ११३.७५ मिमी. बारा मिमीचे हे जास्तीचे रबर आईला पहिल्याच फेरीत जाणवले.

मात्र रिम लहान करताना आत ब्रेकचा कॅलिपर, म्हणजे ब्रेकच्या चकतीला पकडणारा भाग, मावतो की नाही, हे आधी पाहावे लागते. सर्व १५ इंची रिम आतून सारखी नसतात. मी पहिले रिम पुढच्या हबवर चढवून, नट लावून, हाताने हळूहळू फिरवले आणि कॅलिपर व रिम यांच्यामधून पुठ्ठ्याची पट्टी फिरवली. एका ठिकाणी ती अडकली. ते रिम परत केले. दुसऱ्या घडणीचे, त्याच पीसीडीचे आणि ऑफसेटचे रिम लावले, तेव्हा पट्टी पूर्ण फेरीभर मोकळी फिरली. टायर चढवण्याआधी हे केले म्हणून परत करता आले. चारचाकी एकदाच घेतली जाते, पण मागे बसणारे माणूस रोज बसते, म्हणून हे सगळे करण्यात गेलेली दुपार मला मुळीच जास्त वाटली नाही.

* * *

मी गेली अनेक वर्षे चाके बसवण्याचेच काम करतो. वरील मापांबद्दल मला वेगळे सांगायचे नाही. फक्त टायरवरच्या एका आकड्याकडे कोणी पाहत नाही, त्याबद्दल लिहितो. १७५/६५ आर १४ च्या पुढे बहुधा ‘८२ टी’ असे छापलेले असते. त्यातले ८२ म्हणजे त्या एका टायरने ४७५ किलो भार पेलावा, आणि टी म्हणजे ताशी १९० किमीपर्यंतचा वेग. माझ्याकडे एक जण १६५/६० आर १४, भारांक ७५ असलेले टायर घेऊन आले होते. ते त्या रिमवर चढले असते, पण ७५ चा अर्थ ३८७ किलो. एका चाकामागे ८८ किलोंची तूट; पाच माणसे आणि सामान घेऊन निघालेल्या गाडीला ती परवडत नाही. मी ते बसवून दिले नाहीत. ते रागावून गेले, आणि त्या रागाचे मला वाईट वाटले नाही. मूळ माप, भारांक आणि हवेचा दाब चालकाच्या दाराच्या चौकटीवरच्या पट्टीवर किंवा गाडीच्या पुस्तिकेत छापलेला असतो. नवा भारांक त्यापेक्षा कमी असता कामा नये.

चाक चढवण्याआधी मी हबचा पृष्ठभाग तारेच्या ब्रशने घासून घेतो, कारण गंजाचा पापुद्रा मध्ये राहिला तर अचूक मापाचे रिमही वाकडे बसते. नट आधी चाक हवेत असताना समोरासमोर या क्रमाने हाताने टेकवतो आणि मग टॉर्क रेंचने, म्हणजे ठरावीक जोर मोजून आवळणाऱ्या पान्याने, आवळतो. बहुतेक लहान गाड्यांना ८५ ते १२० न्यूटन मीटर लागते. नेमका आकडा पुस्तिकेतून घ्यावा. नवे अलॉय घेऊन जाणाऱ्याला मी ५० ते १०० किमी चालवून पुन्हा यायला सांगतो, कारण नव्या रिमची बैठक थोडी दबते. परत आलेल्यांपैकी बऱ्याच जणांचा एखादा तरी नट पाव फेरा घेतो.