बॅग भरता हो, पण बाहेर निघता कसे? एक्स्ट्रॅक्शन शूटरवाल्यांनी आपापले अनुभव सांगा

मानेवाडा_रात्रपाळी

नमस्कार मंडळी. नागपूरला मिहानमध्ये नोकरी आहे, शिफ्ट साडेअकराला सुटते, घरी येऊन जेवण वगैरे करून बाराला बसतो अन् दोन वाजेपर्यंत खेळतो. आधी पाच-सहा वर्षं फक्त बॅटल रॉयल (शेवटी उरेल तो जिंकला, असे गेम) खेळलो, तिथं मेलं की लॉबी, दुसरी मॅच लावा, आपलं काही जात नव्हतं. डिसेंबरात आर्क रेडर्स हा एक्स्ट्रॅक्शन शूटर घेतला अन् इथं सगळंच वेगळं निघालं. सोबत नेलेली बंदूक, शील्ड, पट्ट्या, आत गोळा केलेलं सामान, जवळपास सगळं तिथंच राहते जर तुम्ही जिवंत बाहेर नाही निघाले तर.

निशाणा माझा बरा आहे, कुठं काय सापडते तेही आता कळते. अडचण दुसरीच आहे. निघायची वेळ कळत नाही. बॅगेत दोन खाने रिकामे दिसले की वाटते अजून एक बिल्डिंग करून घेऊ, अन् त्याच बिल्डिंगच्या जिन्यात कोणीतरी दबून बसला असते. सलग नऊ वेळा असंच झालं. म्हणून विचारून राहिलो, गेम कोणताही असो, तुम्ही आत टिकता कसे अन् "बस झालं, चला आता" हे कधी ठरवता? व्हिडिओ पाहून सगळे सांगतात, मला तुमच्यासोबत खरंच झालेलं पाहिजे.

धरमपेठ_जुना_टार्कोव्हवाला

भाऊ, मी एस्केप फ्रॉम टार्कोव्ह २०१७ च्या क्लोज्ड बीटापासून, म्हणजे चाचणीच्या काळापासून खेळतो, २०२५ च्या नोव्हेंबरात पक्कं १.० आलं तेव्हाही पहिल्या दिवशी बसलो होतो. सुरुवातीचे दोन महिने माझी सर्वात मोठी चूक काय होती तर चांगली बंदूक नेतच नव्हतो. जाईल म्हणून स्टॅशमध्ये, म्हणजे बाहेरच्या तिजोरीत जपून ठेवायची, आणि आत भंगार घेऊन जायचं, आणि भंगार घेऊन गेलं की मरायचंच. मग वाइप झाला, म्हणजे कंपनीने सगळ्यांची प्रगती शून्यावर आणली, आणि स्टॅशमधलं सगळं तसंही गेलं, एकदाही न वापरता. तेव्हापासून मनाशी एकच धरलं की दाबलं बटण, शिरलो रेडमध्ये, म्हणजे डावात, की सोबतचं सामान गेलंच समजायचं, जे परत येईल ती कमाई.

नकाशा पाठ नसेल तर बाकी सगळं फुकट आहे. कस्टम्स नावाच्या नकाशावर तुम्ही ज्या बाजूला उतरता त्याच्या उलट्या टोकाचे एक्झिट मिळतात, म्हणजे पूर्ण नकाशा ओलांडावा लागतो, आणि वेळ ४० मिनिटं. मी आठवडाभर ऑफलाइन मोडमध्ये नुसता चाललो, गोळी नाही, लूट नाही, फक्त प्रत्येक जागेवरून आपला एक्झिट कोणत्या दिशेला आहे ते डोळे मिटून सांगता येईपर्यंत. हे कंटाळवाणं काम आहे पण ह्याच्यासारखं दुसरं काही नाही. आणि पीएमसी, म्हणजे आपला मुख्य माणूस न्यायची भीती वाटत असेल तर स्कॅव्ह, म्हणजे गेमने दिलेला भुरटा म्हणून जा, सामान गेमचंच असते, गेलं तरी आपलं काही नाही, आणि बाकीचे स्कॅव्ह तुम्ही छेडल्याशिवाय शक्यतो गोळी मारत नाहीत.

दुसरं म्हणजे बंदुकीपेक्षा गोळीला पैसे लावा. महागडी बंदूक आणि त्यात हलक्या गोळ्या हे नवीन पोरं सारखं करतात. समोरच्याच्या चिलखतातून गोळी आरपार जात नसेल तर बंदुकीवर लावलेल्या दुर्बिणीचा काय उपयोग. डोक्याला ३५ आणि छातीला ८५ एवढाच जीव असतो, ह्यातलं एक शून्यावर आलं की संपलं, हातपाय निकामी झाले तरी माणूस चालतो, पेनकिलर खाऊन पळतोसुद्धा. म्हणून पायावर गोळ्या घालत बसू नका, आणि स्वतःचा पाय तुटला म्हणून घाबरून उघड्यावर पट्टी करत बसू नका, आधी आडोसा.

गेममधला सामानाचा इन्शुरन्स जरूर करा, कोणी उचललं नाही तर सामान परत येतं. एकदा गोदामाजवळ रक्त थांबेना, टुर्निकेट संपलेलं, मरणार हे कळलं, तेव्हा मी रायफल आणि बॅग झुडपात फेकून दिली. मारणाऱ्याला ती सापडली नाही, नंतर दोन्ही परत आलं. ज्याला आपण वाचत नाही हे कळलं आहे त्याने सामान तरी वाचवावं.

निघायचं कधी विचारतोस ना, तर मी आत शिरायच्या आधी ठरवतो. आज मला फक्त अमुक एक वस्तू हवी. ती मिळाली की पाठ फिरवतो, मग समोर दार उघडं दिसलं तरी.

त्रिमूर्तीनगर_एकटी

मी आर्क रेडर्स एकटीच खेळते, कारण माझ्या ओळखीत कोणी हा गेम खेळत नाही आणि अनोळखी टीममध्ये आवाज ऐकला की काही मुलं फालतू बोलतात, त्याचा मला खूप त्रास झाला आहे. त्यामुळे आधी माइक बंदच असायचा. पण ह्या गेममध्ये जवळच्या माणसाला आपला आवाज जातो आणि तोच एकट्या माणसाचा खरा आधार आहे, हे मला उशिरा कळलं.

डॅम बॅटलग्राउंड्स नकाशावर होते, लीपर मागे लागला, जवळ एकच पट्टी. लीपर म्हणजे तो मोठा चार पायांचा रोबो, लांबून झेप घेतो, त्याच्यासमोर पळून उपयोग नाही, घरात घुसायचं असतं. मी घुसले तर आत आधीच एक जण बसलेला. मी फक्त "डोन्ट शूट" म्हटलं, त्यानेही म्हटलं, दोघं पाच मिनिटं तसेच बसून राहिलो, मग त्याने मला दोन पट्ट्या टाकून दिल्या आणि निघून गेला. कोण कुठला काही माहीत नाही. मला तो प्रसंग अजून आठवतो.

उलटही झालं आहे. "फ्रेंडली" म्हणत एक जण बाहेर नेणाऱ्या लिफ्टपर्यंत सोबत आला आणि लिफ्ट येता येता पाठीत गोळ्या. पण दादा, हे लक्षात ठेव, खाली पडलं तरी गेम संपत नाही. पडल्यावर सरपटता येतं, आणि सरपटत लिफ्टमध्ये जाऊन बटण दाबलं तरी तू सामानासकट बाहेर. मी तशीच निघाले, तो माझी बॅग उघडणार तेवढ्यात दार बंद. म्हणून पडल्यावर रागाने सरेंडर करू नको.

आणि लिफ्ट बोलावली की तिचा आवाज सगळीकडे जातो, त्यामुळे बोलावून तिच्याजवळ उभी राहत नाही, लांब झुडपात बसते, आली की पळते. हॅचची (बाहेर निघायच्या लहान झाकणाची) किल्ली असेल तर उत्तम, ते लगेच आणि गुपचूप होतं. मी बॅग अर्धी भरली की नकाशा उघडते, कोणता एक्झिट किती वेळात बंद होणार ते पाहते आणि तेव्हापासून जे काही उचलायचं ते एक्झिटच्या वाटेवरचंच.

नंदनवन_इन्व्हर्टर

माझा अनुभव गेमच्या बाहेरचा आहे पण नागपूरवाल्यांना कामी येईन. मे महिन्यात ४५ डिग्रीत दुपारी लाईट गेली, पीसी इन्व्हर्टरवर चालू, पण राउटर वेगळ्या बोर्डवर होता, तो बंद. टार्कोव्हमध्ये नेट गेलं तर आपला माणूस तिथंच उभा राहते, रिकनेक्ट होईस्तोवर कोणीही येऊन मारू शकते. माझ्या जवळ त्या दिवशी आतापर्यंतची सर्वात भारी लूट होती. परत आलो तर मेलेलो. दोन दिवस गेम उघडला नाही, खरंच सांगतो.

त्यानंतर राउटरसाठी छोटा १२ व्होल्टचा यूपीएस घेतला, अन् वायफाय सोडून केबल टाकली. कूलर डोक्याशी लागला असला तर पावलांचा आवाज ऐकू येत नाही अन् ह्या गेममध्ये कान म्हणजे अर्धा जीव आहे, म्हणून कूलर खिडकीच्या बाहेर काढून बसवला अन् कान झाकणारा हेडफोन घेतला. उन्हाळ्यात मी मोठ्या रेड रात्री अकरानंतरच लावतो, दुपारी गेमने दिलेल्या फुकटच्या सामानावर.

महाल_बापलेक

मी ४८ वर्षांचा आहे, मुलासोबत आणि त्याच्या मित्रासोबत तिघांची टीम खेळतो. माझी नजर त्यांच्याएवढी चपळ नाही, म्हणून माझं काम वेळ पाहणं आणि ऐकणं. आमचे पहिले वीस-पंचवीस डाव नुसत्या गोंधळात गेले. "तिकडे आहे, तिकडे आहे" असं पोरं ओरडायची, तिकडे म्हणजे कुठे? मग आम्ही नकाशावरच्या जागांना आपल्या नागपूरची नावं दिली. मधला उंच मनोरा झिरो माईल, अरुंद बोळ म्हणजे बर्डी, पाण्याकडची बाजू फुटाळा. आता मुलगा "झिरो माईलवरून बर्डीकडे दोघे" एवढंच बोलतो आणि तिघांच्या बंदुका एकाच वेळी तिकडे वळतात. गेममधली इंग्रजी नावं घाईत तोंडात येत नव्हती, ही येतात.

दुसरा नियम घरचा आहे. तिघांपैकी एकाने "निघू" म्हटलं की निघायचं, कारण विचारायचं नाही. वाद घालायचा असेल तो बाहेर आल्यावर पोहे खाताना. हा नियम होण्याआधी एकदा माझं ऐकलं नाही म्हणून तिघेही गेलो आणि मुलगा जेवला नाही, त्या रात्री मीच त्याला म्हटलं की चूक तुझी नव्हती, आपलं ठरलेलं नव्हतं. तेव्हापासून ठरवून खेळतो.

सदर_हंट

थोडक्यात सांगतो. हंट शोडाउन. तिथं तुमचा हंटर, म्हणजे तुम्ही चालवता तो शिकारी, मेला की त्याने कमावलेली कौशल्यं पण गेली, माणूसच गेला. आवाजाचं तर विचारू नका, कावळे उडाले, घोडा खिंकाळला, पायाखाली काच वाजली की अर्ध्या नकाशाला पत्ता. आणि बाउंटी, म्हणजे मारलेल्या राक्षसाचं बक्षीस उचललं की तुम्ही कुठे आहात ते बाकीच्यांना नकाशावर दिसते, म्हणून मी बाउंटी उचलायच्या आधी पूर्ण घराला एक चक्कर मारतो, खिडक्या मोजतो. एवढ्या एका सवयीने माझे हंटर जास्त जगायला लागले.

मानेवाडा_रात्रपाळी

सगळ्यांचे मनापासून आभार, दोन दिवस सगळं पुन्हा पुन्हा वाचलं.

काल रात्री करून पाहिलं. धरमपेठवाल्या भाऊंनी सांगितलं तसं आधीच ठरवलं, बरीड सिटी नकाशात जायचं, वर्कबेंचसाठी (सामान बनवायच्या टेबलासाठी) जे पाहिजे तेवढंच आणायचं. अकराव्या मिनिटाला मिळालं. बॅगेत पाच खाने रिकामे. समोरच्या इमारतीवर लाल फ्लेअर वर गेला, म्हणजे तिथं कोणी तरी पडलं, अन् माझा हात सवयीने तिकडेच वळला, कारण पडलेल्याची बॅग असते ना. उभाच राहिलो दहा-पंधरा सेकंद. मग नकाशा उघडला, ताईंनी सांगितलं तसं, जवळचा एक्झिट बंद व्हायला साडेतीन मिनिटं होती. वळलो. वाटेत एक स्निच नावाचा उडता रोबो दिसला, तो बाकी मशीनींना बोलावतो म्हणून भिंतीला टेकून थांबलो तो जाईस्तोवर. लिफ्ट बोलावून लांब बसलो, छाती इतकी धडधडत होती की बायको उठून विचारून गेली काय झालं म्हणून. दार बंद झालं तेव्हा बाहेरून गोळ्या लागल्याचा आवाज आला, कोणीतरी अगदी मागेच होतं.

महालवाले काका, आज साडेबाराला तुमची टीम बसणार असेल अन् एक जागा रिकामी असेल तर मला घ्या. माझा माइक चालते, अन् झिरो माईल, बर्डी, फुटाळा पाठ करून ठेवलं आहे.