मदत हवी आहे : कथेतले 'पळखाऊ' हिशेबात बसेनात

नमस्कार मंडळी, मी खानापूरची. एक अद्भुतकथा लिहायला घेतलीय आणि तिच्यातल्या प्राण्यांनीच मला अडकवून ठेवलंय की ओ.

हे पळखाऊ मुंगसाएवढे, अंगावर शेवाळ. मलप्रभा जिथं उगम पावते त्या कणकुंबीसारख्या ओल्या रानात राहतात आणि माणसाचा वेळ खातात. मापं आपली जुनीच घेतलीत : ६० पळं म्हणजे एक घटिका, ६० घटिका म्हणजे अहोरात्र. एक पळखाऊ एका वेळी एकच पळ खातो, म्हणजे २४ सेकंद. तेवढ्यात माणूस फार तर बोलता बोलता अडखळतो. पण साठांचा कळप आला की २४ मिनिटं गायब! दूध उतू गेलेलं, चुलीवर कधी ठेवलं तेच आठवत नाही. (आई म्हणते, त्याला पळखाऊ कशाला, मोबाईल आहे की.)

आता घोळ असा. देवळात घटिकापात्र आहे, तळाला बारीक भोक असलेली वाटी, पाण्यात सोडली की घटिकाभरात बुडते. कळप आल्यावर ती बुडायची थांबते, असं मी लिहून बसले. पण दूध उतू जातंय म्हणजे दुधाचा वेळ चालूच, मग वाटीचा का थांबावा? आणि सगळ्यांचाच थांबला तर चोरी कळणार कुणाला?

वाटीचा प्रसंग काढू का नियम बदलू?

अजून एक. नदीपलीकडची कन्नड माणसं त्यांना काय म्हणतील? 'होत्तु' म्हणजे वेळ, एवढ्यावरच माझी गाडी थांबलीय. निपाणी-चिकोडीकडच्यांनी सुचवा.