गिझरचा अँगल कॉक जाम, पाणी बंद कसं करू?

नमस्कार मंडळी,

पुण्यात जुन्या पाच मजली इमारतीत तिसऱ्या मजल्यावर राहतो. बाथरूममध्ये १५ लिटरचा स्टोरेज गिझर आहे. त्याच्या गार पाण्याच्या इनलेटवरचा सेफ्टी व्हॉल्व्ह गळतोय. तापताना थोडं टपकणारच, पाणी फुगतं, त्याला वाट हवी. पण इथे गिझर बंद असतानाही रात्रभर टपटप, सकाळी बादली अर्धी.

व्हॉल्व्ह बदलायचा तर पाणी बंद व्हायला हवं, आणि घोडं तिथेच पेंड खातंय. बोअरच्या पाण्याने अँगल कॉकच्या (भिंतीतून गिझरला येणारं पाणी बंद करायचा कॉक) स्पिंडलभोवती, म्हणजे मुठीच्या दांडीभोवती, पांढरी खर धरलीय. मूठ जेमतेम हलते आणि अडकते. पाना लावून तो भिंतीतच मोडला तर टाइल्स फोडाव्या लागतील. प्लंबर म्हणतो, गच्चीवरचा व्हॉल्व्ह बंद करू. पण सगळ्या बाथरूमना वरून खाली एकच लाइन, म्हणजे पाचही मजले कोरडे. व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर माझं काही खरं नाही.

दुसरा मार्ग आहे का? तोवर गळतीवर एमसील थापलं तर चालेल?

प्रतिसाद १
एमसील अजिबात नको! दाब बाहेर पडायची तीच एक जागा आहे, ती बुजवली तर टाकी फुटू शकते. बाथरूमच्या दारावर, पोटमाळ्यात स्टॉप कॉक (बाथरूमचं पाणी बंद करायचा कॉक) आहे का बघा. पुष्कळ घरांत असतो, फक्त कोणी त्याच्या वाटेला जात नाही.

प्रतिसाद २
उभ्या १० मीटर पाण्याचा दाब साधारण एक बार. गच्चीवरच्या टाकीपासून तुमच्यापर्यंत फार तर तेवढाच. हे सेफ्टी व्हॉल्व्ह बहुधा ८ बारच्या आसपास उघडतात. म्हणजे दाबाचा दोष नाही, सीटवर (व्हॉल्व्ह मिटतो त्या जागी) खर अडकलीय. लिव्हर असेल तर पाणी गार असताना उचलून दोन-तीनदा फ्लश करा. कधीकधी तेवढ्यावर भागतं.

प्रतिसाद ३
फ्लश करून थांबलं तरी अँगल कॉक बदलाच, उद्या कनेक्शन पाइप फुटला तर काय कराल? गच्चीवरचा व्हॉल्व्ह बंद केल्यावर आधी तळमजल्याचा नळ सोडायला सांगा, नाहीतर वरच्या दोन मजल्यांच्या पाइपातलं पाणी तुमच्या अंगावर. गिझरचा एमसीबी पाडा, नुसतं बटण नको. काम झालं की गरम पाण्याच्या नळाला सलग धार येईपर्यंत वीज चालू करायची नाही, रिकाम्या टाकीत कॉइल जळते.

धागाकर्ता
आभार! पोटमाळा पालथा घातला, स्टॉप कॉक नाही. लिव्हर उचलल्यावर खडूसारखे कण पडले, टपटप कमी झाली पण थांबली नाही. सेक्रेटरी रविवारी दुपारी २ ते ३ पाणी बंद ठेवायची नोटीस लावतायत. आता एवढंच सांगा, नवा क्वार्टर टर्न (पाव फेऱ्यात बंद होणारा) कॉक आणतोय, पण जुना टाइलच्या बराच आत बसलाय. एक्स्टेन्शन निपल (लांबी वाढवायचा जोडतुकडा) किती लांबीचं लागेल ते जुना न काढता कसं मोजायचं?