मदत हवी: भाडेपट्टा संपला, कंपनी गाळा सोडत नाही, भाडं मात्र खात्यात जमा होतंय

नमस्कार. पुण्यातल्या एका गाळ्याबद्दल सल्ला हवा आहे. गाळा आईच्या नावावर. एका प्रायव्हेट लिमिटेड कंपनीला तो पाच वर्षांच्या नोंदणीकृत भाडेपट्ट्याने दिला होता. मुदत मार्चअखेर संपली. त्याआधीच कंपनीने मुदतवाढ मागितली होती, पण आईने रजिस्टर्ड पोस्टाने नकार कळवला आणि ताबा मागितला. पोचपावती जपून ठेवली आहे.

तरी कंपनी जागची हललेली नाही. "आम्हाला रेंट अ‍ॅक्टचं संरक्षण आहे, काय ते कोर्टात बघा," असं त्यांचे मॅनेजर सांगतात. माझ्या वाचनाप्रमाणे महाराष्ट्र भाडे नियंत्रण अधिनियम १९९९च्या कलम ३(१)(ब) नुसार भरणा झालेलं भागभांडवल १ कोटी किंवा त्याहून जास्त असलेल्या कंपन्यांना तो कायदा लागूच होत नाही. कंपनी व्यवहार मंत्रालयाच्या संकेतस्थळावर या कंपनीचं भांडवल १ कोटीच्या वर दिसतं. मग प्रकरण मालमत्ता हस्तांतरण अधिनियम १८८२खालीच चालेल ना? आणि भांडवल पाहायचं ते करार झाला तेव्हाचं की दावा लावतानाचं?

सगळ्यात जास्त काळजी भाड्याची वाटते. कंपनी दर महिन्याला जुन्या दराने रक्कम परस्पर आईच्या खात्यात भरते. त्याच मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाचं कलम ११६ वाचून तर धास्तीच बसली: मुदतीनंतर मालकाने भाडं स्वीकारलं तर भाडेपट्टा महिना-दर-महिना पुढे चालू राहू शकतो. आम्ही मागितलेलं नाही, पण परतही केलेलं नाही. ही संमती धरली जाईल का?

भाऊ वैतागून कुलूप लावायच्या, वीज तोडायच्या गोष्टी करतो. मी त्याला ठामपणे अडवलं आहे. आईला गाळा भावाच्या व्यवसायासाठी हवा आहे. दाव्यात ही गरज मांडावी का?

उत्तर १

ताई, भावाला अडवलंत हे फार बरं केलंत. मुदत संपलेल्या भाडेकरूलाही जबरदस्तीने बाहेर काढता येत नाही. तसं केलं तर विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियम १९६३च्या (स्पेसिफिक रिलीफ अ‍ॅक्ट) कलम ६ खाली तो ६ महिन्यांच्या आत दावा लावून ताबा परत मिळवू शकतो, आणि तिथे मालकी कोणाची हा प्रश्नच येत नाही.

नुसतं भाडं खात्यात आल्याने कलम ११६ लागत नाही, मालकाची संमती दिसावी लागते. सरूप सिंग गुप्ता प्रकरणात (२००६) सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं आहे की नोटिशीनंतर केवळ भाडं घेतलं म्हणून मालकाने नोटिशीवरचा हक्क सोडला असं होत नाही. पण गप्प बसू नका. आजच पत्र पाठवा: जमा होणारी रक्कम भाडं म्हणून नव्हे, तर बेकायदा ताब्याच्या नुकसानभरपाईपोटी, हक्कांना बाधा न येता घेत आहोत. आईच्या हातून पावतीवर, मेसेजमध्ये, कुठेही 'भाडं' हा शब्द जाऊ देऊ नका.

मुदत ठरलेली असल्याने मालमत्ता हस्तांतरण अधिनियमाच्या कलम १११(अ) नुसार पट्टा आपोआप संपला, पट्टा संपवण्यासाठीची कलम १०६ची नोटीस लागत नाही. तरी मी असतो तर १५ दिवसांची नोटीस पाठवलीच असती. उद्या कोर्टाने हा मासिक भाडेपट्टा मानला, तर तीच कामी येईल.

भांडवलाबाबत दोन्ही तारखांची कागदपत्रं जोडा, म्हणजे त्या वादाला जागा उरणार नाही. गरजेचं म्हणाल तर, ती सिद्ध करावी लागते भाडे नियंत्रण कायद्याखाली. इथे ते ओझं आपणहून अंगावर घेऊ नका. दावा पुण्याच्या लघुवाद न्यायालयात जाईल.

धागाकर्ती

मनापासून आभार. पत्र उद्याच पाठवते. एकच विचारते, दावा चालेल तोपर्यंत कंपनी जुन्याच दराने भरत राहिली तर?

उत्तर १

ताब्यासोबत मीन प्रॉफिट्स मागा, म्हणजे मुदत संपल्यापासून ताबा मिळेपर्यंतची बाजारभावाने भरपाई. आसपासच्या गाळ्यांचे अलीकडचे नोंदणीकृत करार आतापासून जमवा, कारण दर सिद्ध करायची जबाबदारी तुमची. ताब्याच्या हुकूमनाम्याविरुद्ध (कोर्टाच्या अंतिम आदेशाविरुद्ध) कंपनी अपिलात गेली आणि स्थगिती मागितली, तर आत्माराम प्रॉपर्टीज निकालाच्या (२००५) आधारे बाजारभावाने रक्कम भरण्याची अट घालायला सांगा. ती अट लागली की फुकट वेळ काढणं कंपनीला परवडत नाही.