मदत हवी आहे : मुलाच्या ॲडिनॉइडची शस्त्रक्रिया करावी की थांबावे?

नमस्कार. आम्ही जुळे सोलापूर भागात राहतो. आमचा ५ वर्षांचा मुलगा गड्ड्याच्या यात्रेपासून (संक्रांतीला भरणारी सोलापूरची सिद्धेश्वर यात्रा) रात्री तोंड उघडे ठेवून घोरतो. मध्येच काही क्षण त्याचा श्वास थांबतो, मग तो दचकून कूस बदलतो आणि मी उशाशी बसून राहते. एक्स-रेमध्ये नाकाच्या मागे, टाळूच्या वर असलेली ॲडिनॉइडची गाठ वाढून श्वासाची वाट अरुंद झाल्याचे दिसले. तिच्यामुळे कानाची नळी तुंबून पडद्यामागे पाणी साचल्याने त्याला कमी ऐकू येते; आम्ही मात्र तो मुद्दाम दुर्लक्ष करतो असे समजून त्याला रागावत होतो.

नाकातला स्टिरॉइडचा फवारा ६ आठवडे वापरूनही फरक न पडल्याने डॉक्टरांनी पूर्ण भूल देऊन तोंडातून ही गाठ काढण्याचा सल्ला दिला आहे. वय वाढेल तशी ती आपोआप आकसते, म्हणून सासूबाई थांबा म्हणतात. पण झोपेत श्वास अडत असताना थांबणे मला पटत नाही.

ज्यांच्या मुलांची ही शस्त्रक्रिया झाली आहे, त्यांनी कृपया सांगावे, की घोरणे किती दिवसांत कमी झाले, पथ्य किती दिवस पाळावे लागले (आमच्याकडे शेंगाचटणीशिवाय घास उतरत नाही) आणि कानातही नळी बसवावी लागली का?